पहिल्या पाळीतली बोलावणी

हमरापूर,
१६ जून २०२५

चि. सौ. अनिता हिला नूतनताईचे आशीर्वाद.

तू म्हणशील, हातात फोन असताना ताईला कागद कशाला लागतो? अगं, फोनवर तू नुसतं "हो ताई, बरं ताई" करतेस आणि मला जे सांगायचं असतं ते मी विसरून जाते. शिवाय कारखान्यात रंगाचा कॉम्प्रेसर दिवसभर घरघरत असतो. पोपटचा टेम्पो मूर्ती घेऊन आठवड्यातून एकदोनदा रोह्याला येतो. पत्र त्याच्याकडे देते आहे, उत्तरही त्याच्याकडेच दे.

तक्रार तुझ्या नवऱ्याची आहे. मी दिवसभर गणपतीच्या डोळ्यांची आखणी करते हे तुला ठाऊक आहे. बुबुळ काढताना मी श्वाससुद्धा धरून ठेवते. शुक्रवारी अडीच फुटी मूर्तीचा डावा डोळा काढत होते आणि फळीवर ठेवलेला फोन थरथरला. माझा हात हलला, बाप्पा तिरळा झाला. फोनवर पाहते तर काय, "आदेश यांनी तुम्हाला फळबाग खेळायला बोलावलं आहे. त्यांच्या झाडांना पाणी द्या." माझ्या घरचा नळ दोन दिवसांआड येतो आणि मी ह्याच्या झाडांना पाणी देऊ? डोळा पुसून परत काढावा लागला. कारखान्याचे शेठ जाता-येता बघत होते.

सुरुवातीला मी द्यायचे पाणी. फोनवर एक हंडा दिसतो, त्यावर बोट ठेवलं की झालं. म्हटलं, भाऊ मागतोय तर देऊ. पण आता दिवसाला तीन-चार वेळा म्हणजे हद्द झाली! सकाळी दहाला, साडेअकराला, दुपारी एकला. तुमच्या धाटावच्या कंपनीत बरीच मोकळीक दिसते बाई.

आमच्याकडे रंगकामाला येणारी मृणाली म्हणते की सेटिंगमध्ये जाऊन एकेकाची बोलावणी बंद करता येतात. पण न सांगता बंद केली तर तो हिरमुसेल. आई गेल्यावर मीच त्याला वाढवला, मला त्याचं तोंड माहीत आहे. तेव्हा तूच त्याला गोडीत सांग. दिपिकाला पापा.

तुझी,
नूतनताई

•

रोहा,
२० जून

ती. नूतनताईंना अनिताचा नमस्कार.

पत्र वाचून हसले. तिरळा बाप्पा दिपिकाला दाखवायला हवा होता, म्हणाली तोच आपल्या घरी आणू या.

पण ताई, तुमच्या फोनचं काहीतरी चुकत असणार. हे सकाळी सव्वासहाला घरातून निघतात. सात ते तीन पाळी असते आणि कंपनीत फोन आत नेऊ देत नाहीत. गेटवर कप्पा असतो त्यात ठेवायचा, सुटताना घ्यायचा. आत सगळी रसायनं, एक ठिणगी पुरते. काडीपेटीसुद्धा नेता येत नाही. मागे दिपिका शाळेत पडली तेव्हा मी गेटवर फोन केला होता आणि वॉचमनने ह्यांना आत निरोप पाठवला होता. त्यामुळे दहा-साडेअकराची बोलावणी ह्यांची असूच शकत नाहीत. कदाचित आदल्या संध्याकाळची उशिरा येत असतील. जरा नीट बघाल का? माझ्याकडे साधा बटणांचा फोन, मला त्यातलं कळत नाही.

होळीपासून ह्यांना कायमची पहिली पाळी मिळाली आहे. त्यामुळे घर मार्गी लागल्यासारखं वाटतं.

तुमची,
अनिता

•

हमरापूर,
२५ जून

चि. सौ. अनितास आशीर्वाद.

माझा फोन खोटा? मी मृणालीला समोर बसवून सगळं तपासून घेतलं. फोनला शिळं-ताजं कळतं म्हणे. बोलावणं ज्या मिनिटाला पाठवलं तेच मिनिट तिथे लागतं. तुझी खात्री पटावी म्हणून उतरवून पाठवते:

गुरुवार: नऊ चाळीस, अकरा पाच, बारा पन्नास, दोन वाजता.
शुक्रवार: दहा दहा, बारा, दीड.
शनिवार: नऊ, साडेदहा, साडेअकरा, एक वीस.
रविवार: एकही नाही.
सोमवार: नऊ पंचावन्न, साडेबारा, दोन दहा.

आता माझं ऐक. ह्याचा अर्थ एकच, पठ्ठ्या फोन लपवून आत नेतो. लहानपणी शाळेत असाच गोट्या न्यायचा, चड्डीच्या आत पिशवी शिवून. अगं, तू ठिणगीचं लिहिलंस तेव्हापासून मी दिवसातून दहा वेळा देवाला हात जोडते. स्फोट झाला तर? पकडला गेला तर नोकरी जाईल ती वेगळीच. आल्याबरोबर त्याचा कान धर. तू धरणार नसशील तर मी फोन करून धरते.

नूतनताई

•

रोहा,
३० जून

ती. नूतनताईंना नमस्कार.

त्यांना फोन करू नका. पाया पडते. काहीच बोलू नका आणि बोलावणी बंदही करू नका. फक्त वेळा लिहून मला पाठवत राहा. ते पाणी मागतील तर द्या.

का ते सांगते. तुमची यादी मी चार वेळा वाचली. रविवारी एकही बोलावणं नाही. रविवारी हे दिवसभर घरी असतात, दिपिकाला घेऊन नदीवर जातात, फोनला हात लावत नाहीत. फोन आत लपवून नेण्याइतकं खेळाचं वेड असतं तर सुट्टीच्या दिवशी दिसलं नसतं का?

आणखी एक गोष्ट आहे. ह्यांचे कपडे मी बादलीत भिजवले की पाणी पिवळं व्हायचं, सात वर्षं होत होतं. होळीपासून होत नाही. मी विचारलं तर म्हणाले, पॅकिंगला घेतलंय. मला बरंच वाटलं होतं ताई. छातीत रसायन जाणार नाही म्हणून मी देवापुढे साखर ठेवली होती.

आता रोज सकाळी डबा भरताना मनात येतं, हा डबा कुठे बसून उघडत असतील? कुणाशी बोलू? माहेरी बोलले तर ते उद्याच येऊन उभे राहतील.

अनिता

•

हमरापूर,
५ जुलै

अनिता, बाळ,

तुझं पत्र वाचून मी ब्रश खाली ठेवला तो त्या दिवशी परत उचललाच नाही. मी आपली थट्टा करत बसले आणि तिकडे तुझ्या घरात काय पेटवून दिलं, मलाच कळलं नाही.

वेळा सोबतच्या कागदावर आहेत. तशाच आहेत, सकाळी नऊपासून दुपारी दोन-अडीचपर्यंत. तीननंतर काही नाही. मी प्रत्येक वेळी पाणी देते. बोट ठेवताना वाटतं, हा कुठे बसून मागत असेल? पण एवढं नक्की गो, वाईट वळणाचा तो नाही. बाईचं-बिईचं मनात आणू नकोस. बाईकडे बसलेला माणूस बहिणीकडे झाडांना पाणी मागत नाही.

जे असेल ते मला कळव. मी इथे एकटी बसून नाही नाही ते मनात आणते.

नूतनताई

•

रोहा,
१४ जुलै

ती. नूतनताईंना नमस्कार.

शुक्रवारी दिपिकाला शाळेत सोडून रिक्षाने धाटावला गेले. गेटवर म्हटलं, आदेशना जरा बोलवा, घरी काम आहे. वॉचमन तोच होता, मागच्या वेळी निरोप देणारा.  मग हळू आवाजात म्हणाला, "वयनी, आदेश मार्चपासनं येत नाय. ठेका संपला, पंधरा मानसं कमी झाली. तुमाला म्हायत नाय?"

मी म्हटलं, माहीत आहे, विसरले. असं कुणी विसरतं का? पण तोंडातून तेच निघालं.

येताना रिक्षावाल्याला स्टेशनवर सोड म्हटलं. का म्हटलं ते सांगता येत नाही. दिवसभर फुकट बसता येईल अशी जागा रोह्यात दुसरी कुठली आहे? हे तिथेच होते. शेवटच्या बाकावर, पाय वर घेऊन. डबा उघडलेला. त्या दिवशी मी वालाचं बिरडं दिलं होतं. वाल सोलायला मला तास लागला होता. एका हाताने जेवत होते, दुसऱ्या हातात फोन. जेवण झाल्यावर नळावर डबा धुतला, पुसला आणि परत येऊन बसले. मी खांबाआडून बघत होते. चहावाल्याला विचारलं, हा माणूस रोज येतो का? तो म्हणाला, "आदेशभाव? सकाळी बाजारात गोनी उतरवतात, मंग हितंच असतात तीन वाजंपरत. भला मानूस हाय."

मी जवळ गेले नाही. घरी आले, पोळ्या केल्या. साडेतीनला हे आले, डबा माझ्या हातात दिला आणि म्हणाले, "काय बिरडं केलंवतंस गो! सायबांनी बोटं चाटली."

ताई, नोकरी गेली म्हणून मला राग आला नाही. जाते नोकरी, धाटावात रोज कुणाची ना कुणाची जाते. पण वॉचमनला ठाऊक, चहावाल्याला ठाऊक, तुमच्या फोनलाही ठाऊक. ज्या बाईने डबा भरला तिलाच काय ते ठाऊक नाही. चार महिने मी त्या साहेबांच्या गोष्टी ऐकून हसत होते. त्यांच्या मुलीच्या लग्नात काय द्यायचं ह्याचाही विचार केला होता. तो साहेब नाहीच आहे कुठे.

मी ठरवलं आहे. मी काही विचारणार नाही. त्यांनी स्वतःच्या तोंडाने सांगायला हवं. गौरी घरात येईपर्यंत वाट बघेन. सांगितलं तर मी त्यांच्याबरोबर गोण्या उतरवायलाही जाईन. नाही सांगितलं तर दिपिकाला घेऊन माहेरी जाईन आणि परत यायची नाही. तुम्हाला हात जोडून सांगते, तुम्ही त्यांना एक अक्षर कळू देऊ नका. कुणी सुचवल्यावर सांगितलेलं मला नको आहे.

अनिता

•

हमरापूर,
१७ जुलै

चि. आदेश,

हे पत्र पोपट तुला स्टेशनवर तुझ्या हातात देईल. घरी द्यायचं नाही असं मी त्याला बजावलं आहे. तू स्टेशनवर असतोस हे मला कसं कळलं, विचारू नकोस.

मेल्या, आम्ही काय मेलो होतो का? ठेका संपला तर संपला. मला सांगायचं होतंस. इथे मूर्ती घासायला माणूस मिळत नाही, तुला पॉलिश पेपर हातात धरायची लाज वाटली असती का? कंपनीवाला झालास म्हणून? मला तुझा इतका राग आलाय की समोर असतास तर दोन ठेवून दिल्या असत्या. आणि राग उतरला की रडू येतं, त्याचंही काही चालत नाही.

आता नीट वाच. अनिताला सगळं कळलं आहे. गौरी येईपर्यंत तू आपणहून सांगतोस का, हे ती बघते आहे. नाही सांगितलंस तर ती जाईल. मला तिने शपथ घातल्यासारखं बजावलंय की तुला कळू द्यायचं नाही. मी तिचा विश्वास मोडते आहे तो तुझ्या संसारासाठी. हे पत्र वाचून फाडून टाक. दोन-चार दिवस जाऊ दे, मग तिच्यापुढे बस आणि सांग. माझं नाव कधीही काढू नकोस.

ताई

•

रोहा,
४ ऑगस्ट

ती. नूतनताईंना शिरसाष्टांग नमस्कार.

त्यांनी सांगितलं! काल रविवार. दिपिका शेजारी खेळायला गेली होती. मी तांदूळ निवडत होते. हे समोर येऊन बसले आणि ताटातले तांदूळ उगीच निवडायला लागले. मग म्हणाले, "अनिता, मी तुज्याशी खोटं बोललो. मला काम नाय. मार्चपासनं नाय. लाज वाटत व्हती गो." आणि लहान मुलासारखे रडले. स्टेशन सांगितलं, गोण्या सांगितल्या, साहेबसुद्धा सांगितला. मी म्हटलं, मला माहीत होतं. तेव्हा माझ्याकडे बघून मान खाली घातली.

ताई, माझ्या छातीवरचा दगड उतरला. कुणी सांगायला लावलं नाही, कुणी पकडलं नाही, आपणहून बोलले. मी एवढ्याच एका गोष्टीवर उभी आहे आता. पुढे अडचणी येतीलच. पण माझा माणूस माझ्याशी खरं बोलतो, हे असलं की बाकीचं काढता येतं. तुम्ही शब्द पाळलात, त्याचे उपकार मी विसरणार नाही. दुसरी कुणी बहीण असती तर तिला राहवलं नसतं.

तुमची,
अनिता

•

हमरापूर,
८ ऑगस्ट

चि. सौ. अनितास आशीर्वाद.

पत्र पोचलं. बरं वाटलं. उपकाराचं काय त्यात, मी काहीच केलं नाही. सणाची घाई आहे, वीस दिवसांवर गणपती आणि तीनशे मूर्तींची आखणी बाकी. म्हणून दोनच ओळी लिहिते. सांभाळून राहा दोघं.

नूतनताई

•

रोहा,
११ सप्टेंबर

ती. नूतनताईंना नमस्कार.

गौरी-गणपती छान झाले. तुम्ही आला नाहीत. हे म्हणाले, ताई दमली असेल.

आनंदाची बातमी म्हणजे ह्यांना डोलवीच्या पोलाद कारखान्यात ठेकेदाराकडे काम लागलं. एक तारखेपासून जातात. सकाळी सहाला नाक्यावर गाडी येते, संध्याकाळी परत. तिथेही फोन गेटवरच ठेवतात म्हणे. येताना कपड्यांवर लोखंडाची लाल धूळ होती, पहिल्या दिवशी मी ती धुतली आणि मला रडू आलं. दिपिका रोज विचारते, बाबा, तुमच्या कंपनीत आग असते का? हे तिला खूप गोष्टी सांगतात.

आता जे लिहिते आहे त्याची मला लाज वाटते. गेल्या दोन-तीन दिवसांत कपड्यांवर धूळ दिसली नाही. म्हणाले, स्टोअरला घेतलंय. असेल तसं. एकदा आपणहून खरं बोललेला माणूस परत खोटं कशाला बोलेल? माझंच मन किडलंय. मी त्यांना विचारणार नाही. गेटवर तर मुळीच जाणार नाही, परत तिथे उभं राहायचं बळ माझ्यात नाही. तुम्हाला एकदाच विचारते, पुन्हा नाही विचारणार. दिवसा ती बोलावणी येतात का हो अजून?

तुम्ही नाही म्हणालात की मी हा विचार कायमचा टाकेन. तुमच्या शब्दापुढे मला दुसरं काही नको.

अनिता

•

हमरापूर,
१५ सप्टेंबर

आदेश,

शुक्रवारी दहा वाजून वीस मिनिटांनी तुझं बोलावणं आलं. शनिवारी सव्वाअकराला. आज आत्ता, बारा वाजता. मी पाणी दिलं नाही.

अनिताचं पत्र माझ्यापुढे आहे. ती विचारते आहे, मी काय लिहू?

पोपट उद्या विटा घेऊन रोह्याला जातो आहे. तू स्टेशनवर दिसला नाहीस तर नाक्यावर सहाला गाठून पत्र दे, म्हटलंय त्याला. त्याच्याकडेच उत्तर दे.

ताई

•

१८ सप्टेंबर

ताई,

मी रोह्याच्या स्टेशनवर बसत नाही आता. ओळखीचे दिसतात. पोपटने मला परवा सकाळी नाक्यावर गाठलं. हे पेणच्या एसटी स्टँडवर बसून लिहितो आहे. इथून तुझा कारखाना रिक्षाने थोड्याच वेळात येतो. दोनदा निघालो होतो तुझ्याकडे यायला. मग वाटलं, तू विचारशील आणि मला सांगावं लागेल.

डोलवीचं खोटं नव्हतं. पण ते काम आठ दिवसांचंच होतं. संपलं. मला ते आधीच माहीत होतं, पण अनिताने सगळ्या आळीत पेढे वाटले आणि मला बोलता आलं नाही. आता ती पुन्हा पोटभर जेवायला लागली आहे. झोप लागते तिला. मागच्या वेळी मी सांगितलं म्हणून तिने मला किती मोठं केलंय तुला ठाऊक नाही. शेजारणींना सांगते, आमचे हे खोटं बोलत नाहीत. आणि ते सांगणंसुद्धा माझं कुठे होतं, तुझं पत्र आलं म्हणून सांगितलं. हे तिला कळलं तर तिच्याकडे काय उरेल?

मी दुसरं काम बघतो आहे. लागेल. तोपर्यंत एवढं कर. तुमच्या कारखान्यात ती मृणाली आहे ना, तिला सेटिंगमध्ये जाऊन ती बोलावणी बंद करता येतील. माझी बंद करून टाक. मला ती पाठवल्याशिवाय राहवत नाही, दिवस फार मोठा असतो ताई. पण तू बंद केलीस की तुला काही दिसणार नाही, आणि तिला उत्तर देताना खोटंही बोलावं लागणार नाही.

आदेश

•

हमरापूर,
३ ऑक्टोबर

चि. सौ. अनितास आशीर्वाद.

उत्तराला उशीर झाला. तब्येत बरी नव्हती, आणि पोपटही मध्ये गावाला गेला होता. कालचा दसरा तुमच्याकडे गोड झाला असेल. दिपिकासाठी फ्रॉकचं कापड पाठवते आहे, थोडं मोठंच शिव, वाढत्या अंगाची आहे.

तू विचारलं होतंस. नाही, बोलावणी येत नाहीत. मृणालीने खेळांची सगळी बोलावणी बंद करून दिली, आदेशची सगळ्यात आधी. फोन दिवसभर फळीवर गप्प पडून असतो. हवं तर कधीही येऊन बघ.

तू निवांत राहा. त्याचा डबा करत जा. आणि हे मला पुन्हा विचारू नकोस गो.

तुझी,
नूतनताई